ताडपत्री एका पावसाची, मुक्काम तीस वर्षांचा

पावसाळ्याच्या तोंडावर मुंबईतल्या वस्त्यांमध्ये घराघरावर निळी ताडपत्री चढते. ती एका पावसापुरती असते, पुढच्या मे महिन्यात नवी आणायची हे घरात सगळ्यांना ठाऊक असतं. जगभरच्या निर्वासितांच्या छावण्यांमध्ये हीच ताडपत्री भिंत असते आणि छप्परही. संयुक्त राष्ट्रांची निर्वासितांसाठीची संस्था, म्हणजे यूएनएचसीआर, जी ताडपत्री वाटते ती ४ मीटर बाय ५ मीटरची असते. उन्हापावसात वर्ष-दोन वर्षं टिकली तर पुष्कळ.

तिच्याखाली राहायला आलेलं कुटुंब मात्र वर्ष-दोन वर्षांत उठत नाही. केनियातली दादाबची छावणी १९९१ साली सोमालियातून पळून आलेल्यांसाठी उभारली, तेव्हा ९० हजार माणसांचा अंदाज धरला होता. आज तिथे जन्मलेल्यांची मुलं तिथेच वाढतायत. निर्वासितांच्या प्रश्नाची खरी अडचण इथे आहे. सगळी व्यवस्था सहा महिन्यांच्या हिशेबाने उभी राहते आणि माणसं पिढ्यान् पिढ्या अडकून पडतात.

आधी शब्द नीट लावून घेऊ, कारण या विषयात शब्दावर माणसाचं रेशन ठरतं. महाराष्ट्राला विस्थापन नवं नाही. कोयनेचे धरणग्रस्त, किल्लारीचे भूकंपग्रस्त, रेल्वेच्या कडेच्या झोपड्या हटल्यावर झालेले प्रकल्पग्रस्त, असे कितीतरी 'ग्रस्त' आपल्या बोलण्यात रुळलेत. यातलं कोणीही कायद्याच्या भाषेत निर्वासित नाही. १९५१च्या आंतरराष्ट्रीय करारानुसार निर्वासित म्हणजे वंश, धर्म, राष्ट्रीयत्व, विशिष्ट सामाजिक गट किंवा राजकीय मत यांपैकी एखाद्या कारणाने छळ होईल अशी साधार भीती असलेला आणि त्यामुळे स्वतःच्या देशाबाहेर पडलेला माणूस. मूळ करार युरोपातल्या महायुद्धानंतरच्या लोकांसाठी होता, १९६७च्या पुरवणी कराराने तो सगळ्या जगाला लागू झाला. या व्याख्येत पूर नाही, दुष्काळ नाही, भूक नाही. आफ्रिकी देशांनी १९६९मध्ये आपल्यापुरती ती रुंद केली. परकीय आक्रमण किंवा देशातली घडी विस्कटणारी अशांतता हेही कारण त्यांनी मान्य केलं.

दुसरा शब्द 'देशांतर्गत विस्थापित'. समजा, म्यानमारच्या राखाइन प्रांतातल्या एकाच गावातून दोन भाऊ जीव मुठीत धरून पळाले. एक नाफ नदी ओलांडून बांगलादेशात पोचला. दुसरा सिट्वे शहराजवळच्या, २०१२पासून चालत असलेल्या छावणीत गेला. भीती तीच, जळालेलं घर तेच. पण पहिला निर्वासित, दुसरा देशांतर्गत विस्थापित. पहिल्याच्या बाजूने निदान एक आंतरराष्ट्रीय करार आणि एक संस्था आहे. दुसऱ्याची जबाबदारी त्याच्याच सरकारवर, ज्याच्या सैन्यापासून तो पळाला. त्याच्यासाठी १९९८ची मार्गदर्शक तत्त्वं आहेत, पण ती बंधनकारक नाहीत. आफ्रिकेने मात्र २००९च्या कंपाला करारात ती बंधनकारक केली. आपल्याकडे १९९०मध्ये काश्मीर खोरं सोडावं लागलेले पंडित सरकारी कागदावर 'मायग्रंट' आहेत, म्हणजे नुसते स्थलांतरित. सक्तीने निघालेल्या माणसाला हा शब्द फार तोकडा पडतो.

२०२४च्या अखेरीस जगात सक्तीने विस्थापित झालेली माणसं १२ कोटी ३२ लाख होती. त्यातले सुमारे ७ कोटी ३५ लाख आपल्याच देशात विस्थापित, ४ कोटी २७ लाख निर्वासित, उरलेले बहुतेक आश्रयाच्या अर्जाचा निकाल लागायची वाट बघणारे. एकट्या सुदानमध्ये, १५ एप्रिल २०२३ला युद्ध पेटल्यापासून दोन वर्षांच्या आत, देशातले आणि देशाबाहेर गेलेले मिळून विस्थापितांचा आकडा १ कोटी ४३ लाखांवर गेला. बातम्यांमध्ये भूमध्य समुद्रातल्या बोटी दिसतात, त्यामुळे सगळे युरोपला निघालेत असा समज होतो. प्रत्यक्षात ७३ टक्के निर्वासित कमी आणि मध्यम उत्पन्नाच्या देशांत आहेत आणि ६७ टक्के तर अगदी शेजारच्याच देशात. इराण, तुर्किये, कोलंबिया, युगांडा हे मोठे यजमान. पहिल्या पाचांत श्रीमंत देश एकच, जर्मनी.

हे असं का, ते कळायला फार विचार करावा लागत नाही. माणूस पायी, बैलगाडीने, होडीने पळतो, तेवढ्या अंतरावर शेजारचा देशच असतो. पलीकडे भाषा थोडीफार जुळते, एखादा नातेवाईक असतो. शिवाय परत जायची आशा असते, शेत दिसेल इतक्या अंतरावर थांबावंसं वाटतं. दूर जायला पासपोर्ट लागतो, व्हिसा लागतो आणि दलालाला द्यायला पैसा लागतो. गरीब माणूस सीमेवरच थांबतो आणि ते सीमेवरचं गावही बहुतेकदा गरीबच असतं. सुदानमधून लाखो लोक ज्या पूर्व चाडमध्ये गेले, तिथे आधीच पाण्याची टंचाई होती.

आता छावणी. तिचं एक ठरलेलं गणित असतं आणि ते समजलं की कुठलीही बातमी वाचताना अंदाज येतो. स्फिअर या नावाने ओळखले जाणारे किमान निकष मदतसंस्था पाळायचा प्रयत्न करतात. डोक्यावर छप्पर असलेली जागा माणशी साडेतीन चौरस मीटर, स्वयंपाकाची जागा सोडून. पाच जणांच्या कुटुंबाला साडेसतरा चौरस मीटर, म्हणजे जेमतेम १८८ चौरस फूट. बीडीडी चाळीतली खोली १६० चौरस फुटांची, त्यामुळे मुंबईकराला हा आकडा डोळ्यांपुढे आणायला कठीण नाही. फरक असा की चाळीला भिंती आहेत, मोरी आहे आणि दाराबाहेर रस्ता आहे. रस्ते, शाळा, दवाखाना, गटारं आणि आगीसाठी मोकळे पट्टे धरून छावणीत माणशी ४५ चौरस मीटर जागा लागते. बांगलादेशात कॉक्स बाजारजवळ कुतुपालोंग ही म्यानमारमधून आलेल्या रोहिंग्यांची मोठी छावणी आहे, तिथे काही भागांत ती दहा-अकरा चौरस मीटर भरली. मग काय होतं? दर ३०० मीटर वस्तीनंतर ३० मीटरचा मोकळा पट्टा सोडायचा, म्हणजे आग पुढे सरकत नाही, हा नियम पाळायला जागाच उरत नाही. २२ मार्च २०२१ला तिथे लागलेल्या आगीने सुमारे ४५ हजार लोकांचा निवारा गेला. बांबू आणि प्लॅस्टिक एकमेकांना खेटून असले की आग विझवायला माणूस आत शिरू शकत नाही.

पाणी माणशी रोज किमान १५ लिटर. पिणं, स्वयंपाक, अंघोळ, धुणं, सगळं त्यात. मुंबईत वर्षानुवर्षं चालत आलेला हिशेब इमारतीत माणशी १३५ लिटर आणि झोपडपट्टीत ४५ लिटर असा आहे, त्याच्याही हे एक तृतीयांश. एका नळामागे २५० माणसं धरतात. हा आकडा कुठून आला ते पाहा. नळाला मिनिटाला साडेसात लिटर पाणी येतं, दिवसात आठ तास येतं, म्हणजे ३,६०० लिटर. पंधराने भागा, २४० माणसं. धार बारीक झाली किंवा पाणी चारच तास आलं की लगेच निम्मी माणसं कोरडी राहतात. रांग अर्ध्या तासापेक्षा मोठी नसावी आणि नळ ५०० मीटरच्या आत असावा, असंही ठरलेलं आहे. लांब असला तर माणसं जवळच्या डबक्यातलं आणतात आणि तिथून आजार सुरू होतो.

नळाशी पाण्यात लिटरमागे ०.२ ते ०.५ मिलिग्रॅम मोकळं क्लोरीन उरलेलं असावं लागतं. तपासायला सोपं आहे. नमुन्यात एक गोळी टाकायची, पाणी गुलाबी झालं की क्लोरीन आहे, रंग रंगपट्टीशी ताडून पाहायचा. पण नळाशी तपासताना गुलाबी होणारं पाणी संध्याकाळी घरात तपासलं तर रंगच धरत नाही, कारण रुंद तोंडाच्या बादलीत दिवसभर हात बुडतात, वाटी बुडते, लहान मूल तिथेच खेळतं. म्हणून अरुंद तोंडाचे कॅन वाटतात. नळावर लाखो खर्च करून कॅन वाटायला विसरलं तर तो खर्च फुकट गेला असंच समजायचं.

शौचालयाचा निकष २० माणसांमागे एक. पाण्याच्या स्रोतापासून ते ३० मीटर दूर हवं आणि खड्ड्याचा तळ भूजलाच्या वर किमान दीड मीटर. २०१७च्या ऑगस्टनंतर काही महिन्यांत सात लाखांवर रोहिंग्या बांगलादेशात आले. उतारावर घाईघाईने उथळ खड्डे खणले, त्यांच्या शेजारीच उथळ हातपंप बसवले आणि पाण्यात मैला उतरला. खड्डे भरले, गाळ उपसायला गाडी आत जाईना. आणखी एक गोष्ट आकड्यांत येत नाही. अंधारात, कडी नसलेल्या दाराच्या शौचालयात जायची भीती वाटते म्हणून बायका दिवसभर पाणी कमी पितात. दिवा आणि आतून कडी, यावर खर्च फार नाही. तो पहिल्या आठवड्यातच व्हायला हवा.

छावणीतली माणसं गोळीपेक्षा जुलाब, गोवर आणि न्यूमोनियाने जास्त मरतात. म्हणून पहिल्या दिवसांत ६ महिने ते १५ वर्षांच्या मुलांना गोवराची लस आणि लहानग्यांना 'अ' जीवनसत्त्व देतात. दर १० हजार माणसांमागे रोज एकापेक्षा जास्त मृत्यू होऊ लागले की ती आणीबाणी समजायची. जुलाबावरचा उपाय तर आपल्याच उपखंडातल्या छावणीने जगाला दाखवला. १९७१मध्ये पूर्व पाकिस्तानातून सुमारे एक कोटी माणसं भारतात आली. बंगालमधल्या बनगावला पटकी पसरली, सलाइन संपत आलं. डॉ. दिलीप महालनबीस यांनी लिटरभर पाण्यात २२ ग्रॅम ग्लुकोज, साडेतीन ग्रॅम मीठ आणि अडीच ग्रॅम खायचा सोडा असं मिश्रण पिंपात तयार केलं आणि नातेवाइकांच्या हाती पेले दिले. मृत्यूचं प्रमाण ३० टक्क्यांवरून चारच्या खाली आलं. आज औषधाच्या दुकानातून आपण ओआरएसची पुडी आणतो तिची परीक्षा त्या चिखलात झाली आहे. त्याच वर्षी देशभरच्या टपालावर पाच पैशांचं 'शरणार्थी सहायता' तिकीट जादा लावावं लागत असे. घरात जुनी पाकिटं असतील तर ते अजून सापडेल.

कुपोषण मोजायला वजनकाट्याची वाट बघत नाहीत. सहा महिने ते पाच वर्षांच्या मुलाच्या डाव्या दंडाच्या मध्यावर रंगीत पट्टी गुंडाळतात. साडेअकरा सेंटिमीटरच्या खाली लाल, साडेबारापर्यंत पिवळी, पुढे हिरवी. लाल आलेलं मूल नीट खात असेल तर त्याला शेंगदाण्याच्या घट्ट लगद्याची ९२ ग्रॅमची पाकिटं घरी देतात, एकात ५०० कॅलरी. पाणी घालावं लागत नाही, शिजवावं लागत नाही, म्हणून दूषित पाण्याच्या जागीही चालतं.

मोठ्यांचं रेशन रोज २,१०० कॅलरींचं धरतात. नेहमीचं माप म्हणजे ४०० ग्रॅम तांदूळ किंवा पीठ, ६० ग्रॅम डाळ, ३० ग्रॅम तेल, ५० ग्रॅम पोषक मिश्र पीठ, थोडी साखर आणि मीठ. यात भाजी नाही, फळ नाही, दूध नाही. महिनाभर चालेल, दहा वर्षं चालणार नाही. बऱ्याच ठिकाणी आता धान्याऐवजी कार्डावर पैसे येतात, ते चांगलंच. पण पैसा येतो कुठून? यूएनएचसीआर असो की जागतिक अन्न कार्यक्रम, त्यांचा जवळजवळ सगळा निधी देशांनी स्वखुशीने दिलेला असतो. नवं युद्ध पेटलं की पैसा तिकडे वळतो. कॉक्स बाजारला २०२३च्या सुरुवातीला माणशी महिना १२ डॉलर मिळत, मार्चमध्ये १० झाले, जूनमध्ये ८. आठ डॉलर म्हणजे तेव्हाचे साधारण ६५० रुपये, दिवसाला बावीस. मुंबईत एका वडापावनंतर हातात फार काही उरणार नाही इतके. पुढच्या वर्षी रक्कम पुन्हा वाढली, पण मधल्या महिन्यांचं नुकसान भरून येत नाही. कुटुंब आधी एक जेवण सोडतं, मग दुकानदाराची उधारी होते, मग मुलगा शिकायचं सोडून मजुरीला लागतो, मुलीचं लग्न लवकर उरकतात, आणि एक दिवस कोणीतरी मलेशियाच्या बोटीत बसतं. दाता देशांच्या बैठकीत हे चार डॉलर म्हणून दिसतं.

आजूबाजूच्या गावांचं काय, हेही विचारायलाच हवं. कॉक्स बाजारच्या छावण्या ज्या उखिया आणि टेकनाफ तालुक्यांत आहेत, तिथे पाहुणे यजमानांपेक्षा जास्त झाले. मजुरीचे दर पडले, मासळी-भाजी महागली, सरपणासाठी टेकड्या उघड्या झाल्या. २०१८पासून छावणीत गॅस सिलिंडर वाटायला लागले तेव्हा कुठे जंगलतोड आवरली. स्थानिकांचा राग बहुतेकदा द्वेषातून येत नाही, हिशेबातून येतो. युगांडाने म्हणूनच नियम केला की निर्वासितांसाठी आलेल्या मदतीतला सुमारे ३० टक्के भाग आसपासच्या गावांवर खर्च व्हावा. दवाखाना एकच, रांग एकच. असंतोष कमी करायचा याहून चांगला मार्ग अजून कोणाला सापडलेला नाही.

भारताने १९५१च्या करारावर सही केलेली नाही, बांगलादेश आणि पाकिस्ताननेही नाही. आपल्याकडे निर्वासितांसाठी वेगळा कायदाच नाही, त्यामुळे कायद्याच्या नजरेत ते परदेशी नागरिक. तिबेटी आणि श्रीलंकेतले तमीळ यांची व्यवस्था सरकार थेट पाहतं. अफगाणिस्तान, म्यानमार वगैरे देशांतून आलेल्यांना दिल्लीच्या यूएनएचसीआर कार्यालयाकडे जावं लागतं. आधी नोंदणी, मग सविस्तर मुलाखत, मग निकाल, नकार आला तर अपील. मुलाखतीत तारखा आणि गावांची नावं जुळली नाहीत की अर्ज अडतो, आणि घाबरलेल्या माणसाच्या तारखा जुळत नाहीतच. हातात येणारं कार्ड ही ओळख असते, नागरिकत्व नव्हे. त्याच्यावर आधार निघत नाही, त्यामुळे बँक खातं, सिमकार्ड, भाड्याचा करार सगळंच अडतं. सर्वोच्च न्यायालयाने १९९६मध्ये अरुणाचलातल्या चकमा निर्वासितांच्या प्रकरणात सांगितलं की जीविताचं संरक्षण नागरिक नसलेल्यांनाही आहे. मात्र २०२१मध्ये रोहिंग्यांच्या प्रकरणात, देशाबाहेर न काढलं जाण्याचा हक्क नागरिकांपुरताच आहे, असंही त्याच न्यायालयाने म्हटलं.

आपल्या वस्तीत असं कुटुंब असेल तर एक गोष्ट लगेच करता येते. शिक्षणहक्क कायदा सहा ते चौदा वर्षांच्या मुलांसाठी आहे आणि वयाचा दाखला नाही म्हणून प्रवेश नाकारता येत नाही, हे त्यात स्पष्ट लिहिलेलं आहे. शाळेत सोबत जाऊन हे शांतपणे सांगणारं कोणी असलं की काम होतं. दवाखान्यात भाषा कळणारा माणूस सोबत असणं औषधाइतकंच गरजेचं. जुने कपडे मात्र पाठवू नका. २००४च्या त्सुनामीनंतर तमिळनाडूच्या किनाऱ्यावर त्यांचे ढीग पडले होते, ते निवडायला आणि हलवायला माणसं लागली. द्यायचेच तर पैसे द्या, आणि शक्यतो अमुकच संकटासाठी अशी अट न घालता, कारण बातम्यांतून उतरलेल्या छावणीला तेच पोचतात.

निर्वासितांसाठी कागदावर तीन शेवट सांगितले जातात. मायदेशी परत जाणं, आहेत तिथे सामावून जाणं, किंवा तिसऱ्या देशात वसणं. तिसरा मार्ग वर्षाला एक टक्क्यालाही मिळत नाही. पहिला युद्ध थांबेपर्यंत बंद. राहिला दुसरा, आणि त्यावर यजमान सरकारं सगळ्यात जास्त अडतात. तो कसा दिसतो हे बघायला मुंबईकराला फार लांब जावं लागत नाही.

कल्याणजवळ दुसऱ्या महायुद्धात लष्कराची छावणी होती. फाळणीनंतर सिंधमधून आलेल्यांना तिथल्या बराकींमध्ये ठेवलं. एका बराकीत अनेक कुटुंबं, मध्ये गोणपाटाचा पडदा. ८ ऑगस्ट १९४९ला त्या जागेचं नाव उल्हासनगर झालं. लोक आजही 'कॅम्प नंबर तीन', 'कॅम्प नंबर पाच' म्हणूनच पत्ता सांगतात. चेंबूर कॅम्प, मुलुंड कॉलनी, सायन कोळीवाड्याचा पंजाबी कॅम्प हे याच काळातले. गोडवे गाण्यासारखं सगळंच झालं असं नाही. उल्हासनगरात दाटीवाटीने बेकायदा मजले चढले, त्यांचे स्लॅब कोसळून माणसं गेली. पण ती बराक शहर झाली, कारण तिथे आलेला माणूस नागरिक होता. पहिल्या दिवसापासून त्याला लोकल पकडून कामाला जाता येत होतं, दुकान मांडता येत होतं, मुलाला सरकारी शाळेत घालता येत होतं. १९५४च्या कायद्याने मागे राहिलेल्या मालमत्तेची भरपाई मागता आली. जागेची सनद हातात आली की माणूस पडदा काढून भिंत बांधतो. कोलंबियाने २०२१मध्ये व्हेनेझुएलातून आलेल्यांना दहा वर्षांचा परवाना द्यायचं ठरवलं, त्यामागे हेच गणित आहे. काम करा, खातं उघडा, आरोग्य विम्यात या, कर भरा.

कुतुपालोंगमध्ये पक्कं बांधकाम करायला परवानगी नाही, छावणीबाहेर कामाला जायला नाही. घर बांबूचं आणि ताडपत्रीचंच असलं पाहिजे. कच्च्या बांबूला वर्षभरात भुंगा लागतो, खांब आतून पोकळ होतो आणि एखाद्या वादळात छप्पर खाली येतं. म्हणून तिथे बांबू आधी बोरॉनच्या द्रावणात भिजवून मग वाळवायचे कारखाने उभे राहिले. असा बांबू काही वर्षं टिकतो.